बिऱ्हाड हलविताना : सामानाबरोबर कागदांचीही बांधाबांध

विंचवाचे बिऱ्हाड पाठीवर, अशी आपल्याकडे म्हण आहे. माणसाच्या बिऱ्हाडाला मात्र पाठ पुरत नाही. एखाद्या मध्यमवर्गीय कुटुंबाचे घर हलवावयाचे झाले, तर कपाटे, पलंग, फ्रिज, वॉशिंग मशीन, टीव्ही, भांडीकुंडी, पुस्तके, देव्हारा आणि आजी-आजोबांपासून जपून ठेवलेल्या वस्तू मिळून एक मालमोटार सहज भरते. वीस-पंचवीस वर्षांच्या संसाराची ही पुंजी एका सकाळी अनोळखी माणसांच्या स्वाधीन करावी लागते आणि काही दिवसांनी, शेकडो किलोमीटर दूर, बहुधा दुसऱ्याच माणसांच्या हातून ती परत घ्यावी लागते. मधल्या काळात या सामानाचा रक्षक कोण, त्याची जबाबदारी किती आणि ती सिद्ध कशाने करावयाची, या प्रश्नांचा विचार बहुतेक कुटुंबे काही मोडल्यानंतर किंवा हरवल्यानंतरच करतात. हा विचार सामान भरण्यापूर्वी कसा करावा, हे सांगणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

स्थलांतर जुनेच, साधने नवी

बिऱ्हाड हलविणे मराठी माणसाला नवीन नाही. होळकर, शिंदे आणि गायकवाड यांच्या राज्यकारभाराबरोबर अनेक मराठी कुटुंबे इंदूर, ग्वाल्हेर व बडोदे येथे जाऊन स्थायिक झाली. १९६१ साली गोवा मुक्त झाल्यानंतर शिक्षक, अभियंते आणि शासकीय सेवक बाहेरून गोव्यात आले, तर गोव्यातील तरुण शिक्षणासाठी व नोकरीसाठी बेळगाव, पुणे, मुंबई अशा शहरांकडे गेले.

त्या काळी बदलीवर निघालेल्या कुटुंबाचे सामान आटोपशीर असे. होल्डॉल, वळकट्या, पत्र्याच्या ट्रंका आणि गोणपाटात शिवलेली भांडी एवढे रेल्वेच्या सामानडब्यातून किंवा मोटारीच्या टपावरून जाई. जड लाकडी वस्तू विकून टाकीत, नातलगांकडे ठेवीत अथवा नव्या गावी भाड्याने घेत. बांधाबांध घरातील माणसे व शेजारी मिळून करीत. ओळखीचा हमाल आणि ओळखीचा गाडीवान हीच सामानाची हमी असे.

१९९१ नंतरच्या आर्थिक बदलांमुळे हे चित्र पालटले. पुणे, हैदराबाद, बंगळूर येथे नवे उद्योग वाढले, नोकऱ्या बदलण्याचे प्रमाण वाढले आणि घरातील यंत्रांची व फर्निचरची संख्याही वाढली. राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाने जुलै २०२० ते जून २०२१ या काळात केलेल्या श्रमबल पाहणीनुसार देशातील २८.९ टक्के लोक स्थलांतरित या व्याख्येत येत होते. शहरी भागात हे प्रमाण ३४.९ टक्के होते. स्त्रियांमध्ये ते ४७.९ टक्के, तर पुरुषांमध्ये १०.७ टक्के आढळले, आणि स्त्रियांच्या स्थलांतरापैकी ८६.८ टक्के स्थलांतर विवाहामुळे झालेले होते. अर्थात विवाहानंतर सासरी जाणारी मुलगी संपूर्ण घर हलवीत नाही. संपूर्ण घर हलते ते मुख्यत्वे नोकरी, बदली, शिक्षण, निवृत्ती किंवा नव्या घराची खरेदी यांमुळे. या कुटुंबांच्या गरजेतूनच आज ‘पॅकर्स अँड मूव्हर्स’ या नावाने ओळखला जाणारा व्यवसाय वाढला. पूर्वी ओळखीवर चालणारे काम आता अनोळखी माणसांबरोबरच्या करारावर चालते. जुन्या ओळखीची जागा घेईल असा एकच आधार उरतो आणि तो म्हणजे लेखी कागद.

व्यवसायाची रचना

सामान हलविण्याचा व्यवसाय बाहेरून एकसारखा दिसला, तरी त्यात तीन प्रकारचे लोक आहेत. पहिला प्रकार गावातल्या गावात किंवा जवळच्या शहरापर्यंत सामान नेणाऱ्या टेम्पोमालकांचा. दुसरा प्रकार स्वतःचे ट्रक, गोदामे व प्रशिक्षित कामगार असलेल्या कंपन्यांचा. तिसरा प्रकार मध्यस्थांचा. त्यांच्याकडे दूरध्वनी व जाहिरात यांपलीकडे फारसे काही नसते. ते काम घेतात, बांधणी एका ठेकेदाराकडे देतात आणि वाहतूक तिसऱ्याच ट्रकमालकाकडे सोपवितात. मध्यस्थ असणे हा दोष नव्हे. परंतु ज्याच्याशी आपण बोललो, ज्याने सामान बांधले आणि ज्याने ते नेले, ते तिघे निरनिराळे असतील तर प्रत्येक जण दुसऱ्याकडे बोट दाखवू शकतो, हे ध्यानात ठेवले पाहिजे.

कामाचे टप्पे ठरलेले असतात. प्रथम घरी येऊन किंवा चित्रफितीवरून सामानाची पाहणी होते. नंतर दर कळविला जातो. ठरलेल्या दिवशी बांधणी व भरणी, त्यानंतर वाहतूक आणि शेवटी उतरवणी व मांडणी होते. सामानाचे आकारमान, अंतर, बांधणीचा प्रकार, दोन्ही ठिकाणचे मजले, उद्‌वाहकाची सोय, ट्रक दारापर्यंत येतो की नाही आणि महिन्याचा कोणता दिवस आहे, यांवर दर अवलंबून असतो. एप्रिल ते जून या काळात शाळांच्या सुट्ट्या व वार्षिक बदल्या एकत्र आल्याने मागणी वाढते. महिनाअखेरीस भाड्याची घरे रिकामी होत असल्याने तेव्हाही गर्दी असते. ज्यांना तारीख निवडणे शक्य आहे, त्यांनी महिन्याच्या मधल्या आठवड्यातील कामाचा दिवस निवडावा.

संपूर्ण ट्रक आपल्या सामानासाठी घ्यावयाचा की इतरांच्या सामानाबरोबर पाठवावयाचे, हा महत्त्वाचा निर्णय असतो. मोठ्या घरांसाठी साधारणतः १४, १७ किंवा १९ फुटी ट्रक वापरतात. एका खोलीच्या सामानासाठी पूर्ण ट्रक घेणे महाग पडते, म्हणून ते इतर कुटुंबांच्या सामानात मिळविले जाते. यात भाडे वाचते. मात्र सामान गोदामात थांबते, एका ट्रकमधून दुसऱ्यात चढते आणि प्रत्येक चढउतारीत मोडतोडीचा व हरवण्याचा संभव वाढतो. सामान वाटेत दुसऱ्या गाडीत चढविले जाणार आहे किंवा नाही, हे आधी विचारून दरपत्रकात नमूद करून घ्यावे.

वस्तू मोडतात कशा

ट्रकमधील वस्तूंचे नुकसान बहुतांशी तीन कारणांनी होते. पहिले कारण पोकळी. खोक्यात मोकळी जागा राहिली की रस्त्याच्या प्रत्येक धक्क्याबरोबर आतील वस्तू एकमेकींवर आदळतात. म्हणून खोके हलविले असता आवाज येणार नाही इतके कागद, कापड किंवा बुडबुड्यांचे प्लास्टिक त्यात भरावे. दुसरे कारण चुकीचा भार. थाळ्या, काचा व आरसे आडवे ठेवल्यास त्यांच्या मध्यभागी वरचा भार येऊन ते तडकतात. ते कडेवर उभे ठेवावेत. पुस्तके लहान खोक्यांतच भरावीत. मोठे खोके पुस्तकांनी भरले की ते उचलताना तळ फाटतो, शिवाय कामगाराच्या पाठीला इजा होते. तिसरे कारण ओल. गोव्यात व कोकणपट्टीत जून ते सप्टेंबरपर्यंत हवेत दमटपणा असतो. अशा दिवसांत लाकडी वस्तू थेट प्लास्टिकमध्ये घट्ट गुंडाळल्यास आतील ओल कोंडली जाऊन बुरशी धरते. आधी कोरडे कापड किंवा जाड कागद आणि त्यावर प्लास्टिक, असा क्रम ठेवावा. पावसाळ्यात ताडपत्रीच्या उघड्या ट्रकपेक्षा बंद पेटीचे वाहन घेणे इष्ट. अनमोड, चोर्ला, आंबोली अशा घाटांतून जाणाऱ्या मार्गांवर पावसाळ्यात दरडी कोसळून वाहतूक वळविण्याची वेळ येऊ शकते. त्यामुळे पोहोचण्याच्या तारखेत एक-दोन दिवसांची सूट धरावी.

फ्रिज एक दिवस आधी बंद करून बर्फ वितळू द्यावा, आतून कोरडा करावा, उभाच न्यावा आणि नव्या घरी काही तास स्थिर ठेवल्यानंतरच सुरू करावा. समोरून उघडणाऱ्या वॉशिंग मशीनचा आतील ड्रम घट्ट ठेवण्यासाठी कंपनीने दिलेले वाहतुकीचे बोल्ट पुन्हा लावून घ्यावेत. भरलेला गॅस सिलिंडर, रॉकेल, रंग, फटाके असे ज्वालाग्राही पदार्थ सामानात मुळीच देऊ नयेत. गॅस जोडणी वितरकाकडे रीतसर जमा करून नव्या गावी ती पुन्हा घेता येते. दुचाकी सामानाबरोबर पाठवावयाची असल्यास टाकीतील पेट्रोल काढून घ्यावे.

दागिने, रोकड, मालमत्तेचे दस्तऐवज, पदवी प्रमाणपत्रे आणि नित्याची औषधे स्वतःजवळ बाळगावीत. गोव्यातून बाहेर जाणाऱ्यांनी आणखी एक काळजी घ्यावी. राज्याबाहेर मद्य नेण्यास अबकारी परवाना लागतो. गुजरातमध्ये तर दारूबंदी आहे. भेट म्हणून खोक्यात ठेवलेल्या दोन-चार बाटल्यांमुळे तपासणी नाक्यावर संपूर्ण ट्रक अडकून पडू शकतो.

कायदा काय सांगतो

भारतात मालवाहकांच्या जबाबदारीचा पहिला कायदा १८६५ साली झाला. काच, चिनी मातीची भांडी, घड्याळे, शाली, वाद्ये, जडजवाहीर अशा मौल्यवान वस्तूंची एक अनुसूची त्या कायद्यात होती. या वस्तूंचे मूल्य शंभर रुपयांपेक्षा अधिक असल्यास ते वाहकाला आगाऊ सांगितल्याशिवाय तो त्यांच्या हानीस सामान्यतः जबाबदार धरला जात नसे. मूल्य आधी सांगावे, मग जबाबदारी मागावी, हे तत्त्व तेव्हापासूनचे आहे. या जुन्या कायद्याच्या जागी संसदेने रस्तामार्गे मालवाहतूक अधिनियम, २००७ संमत केला आणि तो १ मार्च २०११ पासून अमलात आला. त्याखालील नियमही २०११ सालचे आहेत.

या अधिनियमानुसार सार्वजनिक मालवाहकाने नोंदणी प्रमाणपत्र घेतल्याशिवाय व्यवसाय करता येत नाही. हे प्रमाणपत्र राज्य किंवा प्रादेशिक परिवहन प्राधिकरण देते. मालवाहक या संज्ञेत केवळ ट्रकमालक येत नाही. भाड्याने माल नेण्याचे काम घेणारी नोंदणी कंपनी, ठेकेदार, अभिकर्ता व दलाल यांचाही त्यात समावेश आहे. म्हणूनच ‘आम्ही केवळ मध्यस्थ आहोत’ असे सांगून जबाबदारी झटकणे तितकेसे सोपे नाही.

माल पाठविणाऱ्याने एक पाठवणी पत्रक भरून द्यावयाचे असते आणि त्यात मालाचे वर्णन व मूल्य नमूद करावयाचे असते. माल ताब्यात घेतल्यावर वाहकाने माल पावती द्यावयाची असते. व्यवहारात तिलाच बिल्टी म्हणतात. तिची मूळ प्रत पाठविणाऱ्याला मिळाली पाहिजे. दैवी आपत्ती, युद्ध, दंगल, शासकीय आदेश अशी काही कारणे वगळता, प्रवासात झालेली हानी, नाश किंवा माल न पोहोचणे यांस वाहक जबाबदार असतो. ही कारणे उद्‌भवली असली तरी योग्य दक्षता घेऊन हानी टाळता आली असती, तर त्याची सुटका होत नाही. शिवाय दाव्यात वाहकाचा हलगर्जीपणा सिद्ध करण्याचे ओझे सामानाच्या मालकावर नसते.

अनेक पावत्यांवर ‘मालकाच्या जोखमीवर’ असे शब्द छापलेले असतात. ते वाचून पुष्कळ नागरिक तक्रारीचा विचारच सोडून देतात. जुन्या कायद्याखालील एका प्रकरणात २००० साली सर्वोच्च न्यायालयाने असा निर्णय दिला की, अशा शब्दांमुळे वाहक आपल्या हलगर्जीपणाच्या जबाबदारीतून मुक्त होत नाही.

भरपाई किती मिळते

येथवरचे वाचून सर्व काही मालकाच्या बाजूने आहे असा समज होईल. तथापि भरपाईच्या रकमेला मर्यादा आहे आणि बहुतेकांना ती ठाऊक नसते. २०११ च्या नियमांनुसार वाहकाची जबाबदारी दिलेल्या अथवा द्यावयाच्या भाड्याच्या दहापटीपर्यंतच असते, आणि ही रक्कम पाठवणी पत्रकात जाहीर केलेल्या मूल्यापेक्षा अधिक असू शकत नाही. वाहकाने ठरविलेला जादा जोखमीचा दर देण्याचे पाठविणाऱ्याने मान्य केले असेल, तरच ही दहापटीची मर्यादा लागू होत नाही.

याचा अर्थ एका काल्पनिक उदाहरणाने स्पष्ट होईल. एका कुटुंबाच्या सामानाची खरी किंमत ४,००,००० रुपये आहे आणि भाडे १८,००० रुपये ठरले आहे. पाठवणी पत्रकात खरी किंमत लिहिली व भाडेही पूर्ण दाखविले, तर ट्रक जळून सर्व सामान नष्ट झाले तरी साधारणतः १,८०,००० रुपयांपर्यंतची जबाबदारी वाहकावर येते. आता समजा, आकार वाचविण्यासाठी सामानाचे मूल्य ५०,००० रुपयेच लिहिले. मग मर्यादा ५०,००० वर येते. किंवा समजा, मूल्य खरे लिहिले, परंतु वाहकाच्या सांगण्यावरून १०,००० रुपये रोख व विनापावती दिले आणि कागदावर ८,००० रुपयेच भाडे दाखविले. मग दहापट होते ती ८०,००० ची. हजार-दोन हजार रुपये वाचविण्याच्या भरात एक लाख रुपयांचा हक्क आपण स्वतःच्या सहीने सोडून दिलेला असतो.

सामान उशिरा पोहोचल्यास काय, असाही प्रश्न येतो. विलंबाबद्दलची जबाबदारी परस्परांत ठरलेल्या मुदतीशी जोडलेली असून ती सामान्यतः भाड्याच्या रकमेपुरती मर्यादित आहे. म्हणून पोहोचविण्याची तारीख तोंडी न ठेवता पावतीवर लिहून घ्यावी.

विमा आणि जोखीम आकार

वाहकाच्या मर्यादित जबाबदारीपलीकडे संरक्षण हवे असल्यास प्रवासी मालाचा विमा घ्यावा लागतो. येथे एक गोंधळ नेहमी आढळतो. अनेक दरपत्रकांत सामानाच्या मूल्याच्या काही टक्के रक्कम ‘विमा’ या नावाने लावलेली असते. प्रत्यक्षात ती पुष्कळदा वाहकाचा स्वतःचा जोखीम आकार असतो, विमा कंपनीची पॉलिसी नसते. विमा देण्याचा अधिकार भारतीय विमा नियामक व विकास प्राधिकरणाकडे नोंदलेल्या कंपन्यांनाच आहे. तेव्हा विम्याचे पैसे देताना विमा कंपनीचे नाव, पॉलिसी क्रमांक आणि आपल्या नावाचे प्रमाणपत्र सामान निघण्यापूर्वी हाती घ्यावे. ते मिळत नसेल, तर आपण दिलेली रक्कम नेमकी कशासाठी आहे, हे लेखी विचारावे.

‘आयबीए मान्यताप्राप्त’ ही जाहिरातही सर्वत्र दिसते. इंडियन बँक्स असोसिएशनची वाहतूकदारांची यादी ही मूलतः बँकांना वाहतूकदारांच्या माल पावत्या स्वीकारताना उपयोगी पडावी, यासाठी असते. आपला आरसा न फुटता पोहोचेल याचे ते प्रमाणपत्र नव्हे.

फसवणुकीचे नेहमीचे प्रकार

पहिला प्रकार नावाचा. नावाजलेल्या संस्थेशी मिळतेजुळते नाव, तसलेच बोधचिन्ह आणि तशीच रंगसंगती घेऊन काही जण जाहिराती देतात. दूरध्वनीवर बोलण्यापुरते समाधान न मानता कार्यालयाचा पत्ता, वाहक नोंदणी क्रमांक आणि वस्तू व सेवा कराचा क्रमांक मागावा व शक्य तर कार्यालय प्रत्यक्ष पाहून यावे.

दुसरा प्रकार अवास्तव स्वस्त दराचा. पाहणी न करता दूरध्वनीवरच सर्वांत कमी दर सांगितला जातो. सामान ट्रकमध्ये चढले, की ‘सामान जास्त निघाले’, ‘मजल्याचे वेगळे’, ‘नाक्यावर कर भरावा लागला’ अशी कारणे सांगून जादा पैशांची मागणी होते आणि पैसे मिळेपर्यंत सामान अडवून ठेवले जाते. नव्या गावी, रिकाम्या घरात, मुलाबाळांसह उभे असलेले कुटुंब अशा वेळी अगतिक होते. यावर उपाय तीन : वस्तूंच्या यादीसह एकूण दर लेखी घेणे, त्यात बांधणी, मजले, पथकर, कर व उतरवणी समाविष्ट असल्याचे नमूद करून घेणे आणि सर्व रक्कम आगाऊ न देता मोठा हिस्सा सामान पोहोचल्यावर देणे. पैसे शक्यतो बँकेमार्फत द्यावेत.

करासंबंधी एक गोष्ट निश्चित ठाऊक असावी. वस्तू व सेवा कराच्या नियमांनुसार वापरलेल्या वैयक्तिक व घरगुती वस्तूंच्या वाहतुकीस ई-वे बिल लागत नाही. सबब ‘ई-वे बिलासाठी पैसे पाठवा’ अशा मागणीस बळी पडू नये. मात्र चालकाजवळ वस्तूंची यादी, ओळखपत्राची प्रत आणि असल्यास बदली आदेशाची प्रत द्यावी, म्हणजे वाटेत विचारणा झाल्यास अडचण येत नाही.

हे सर्व सांगताना प्रामाणिक व्यावसायिकांचा व कामगारांचा विसर पडू नये. अवजड कपाट अरुंद जिन्यावरून ओरखडा न उमटविता उतरविणे हे कसबाचे काम आहे आणि ते करणारे बहुतेक जण रोजंदारीवर असतात. महाराष्ट्रात १९६९ च्या माथाडी कायद्याने अशा अंगमेहनतीच्या कामगारांसाठी मंडळांची व कल्याणकारी योजनांची तरतूद केली. ज्या वाहकाचा दर अतिशय कमी असतो, तो बहुधा कामगारांची संख्या किंवा त्यांची मजुरी कमी करूनच परवडविलेला असतो, आणि घाईत, थकल्या हातांनी उचललेले सामानच अधिक मोडते.

यादी : सर्वांत स्वस्त आणि सर्वांत उपयोगी साधन

प्रत्येक खोक्यावर क्रमांक घालावा आणि त्याच क्रमांकाने वहीत नोंद करावी : कोणत्या खोलीचे, आत काय, अंदाजे किंमत किती, आधीचे ओरखडे वा तडे कोठे आहेत. मोठ्या वस्तूंची छायाचित्रे काढावीत. यादीच्या दोन प्रती कराव्यात, दोन्हींवर वाहकाच्या माणसाची सही घ्यावी आणि एक प्रत स्वतःकडे ठेवावी. यादीत नसलेली वस्तू आपण दिली होती, हे नंतर कोणासही पटविता येत नाही.

सामान उतरताना घरातील एका व्यक्तीने दारात उभे राहून क्रमांक तपासावेत. पोहोच पावतीवर कोरी सही करू नये. ‘खोका क्रमांक १४ फुटलेला मिळाला, क्रमांक २२ मिळाला नाही’ अशी स्पष्ट नोंद सहीच्या वर करावी. फुटलेल्या वस्तू व त्यांची बांधणी तशीच ठेवून छायाचित्रे घ्यावीत. विमा असल्यास विमा कंपनीला विनाविलंब कळवावे.

कर्मचारी, वाहने व पत्ते

केंद्र शासनाच्या २०१७ च्या आदेशानुसार बदलीनंतर सामान वाहतुकीची मर्यादा वेतनस्तर ६ व त्यावरील कर्मचाऱ्यांस ६,००० किलो, स्तर ५ साठी ३,००० किलो आणि स्तर ४ व त्याखालील कर्मचाऱ्यांस १,५०० किलो अशी आहे. राज्य सेवेतील कर्मचाऱ्यांनी आपल्या खात्यातील लागू आदेश पाहावेत. प्रतिपूर्तीसाठी खोटी वा फुगविलेली देयके देणारे दलाल आढळतात. अशी देयके देणे हा सेवा नियमांचा भंग असून त्यात नोकरीच धोक्यात येते.

वाहन दुसऱ्या राज्यात बारा महिन्यांहून अधिक काळ ठेवल्यास मोटार वाहन अधिनियम, १९८८ नुसार तेथील नवा नोंदणी क्रमांक घ्यावा लागतो. त्यासाठी मूळ नोंदणी कार्यालयाचा ना हरकत दाखला निघण्यापूर्वीच मिळविणे सोयीचे. वारंवार बदली होणाऱ्या शासकीय कर्मचाऱ्यांसाठी, तसेच चार किंवा अधिक राज्यांत कार्यालये असलेल्या खाजगी संस्थांतील कर्मचाऱ्यांसाठी २०२१ पासून ‘बीएच’ मालिकेची सोय उपलब्ध आहे. मतदार यादीतील पत्ता बदलण्यासाठी नमुना ८ भरावा. आधार, बँक व विमा यांतील पत्तेही बदलून घ्यावेत.

तक्रार कोठे व केव्हा

हानी झाल्यास वाहकास लेखी नोटीस देणे ही पहिली पायरी होय. २००७ च्या अधिनियमानुसार ही नोटीस सामानाची नोंदणी केल्यापासून १८० दिवसांच्या आत दिली नसेल, तर पुढील दावा चालत नाही. मुदत सामान पोहोचल्यापासून मोजली जात नाही, नोंदणीपासून मोजली जाते, हे विसरू नये. वाहक ‘बघू, करू’ म्हणत महिने घालवितो आणि मुदत निघून जाते. नोटीस पोच मिळेल अशा मार्गाने पाठवून तिची प्रत जपावी.

त्यानंतर ग्राहक आयोगाकडे दाद मागता येते. ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ अन्वये तक्रार सामान्यतः दोन वर्षांच्या आत करावयाची असते. मोबदला ५० लाख रुपयांपर्यंत असल्यास प्रकरण जिल्हा आयोगाकडे जाते आणि ५ लाख रुपयांपर्यंतच्या मोबदल्यासाठी शुल्क नाही. घर हलविण्याचा खर्च या मर्यादेत येत असल्याने सामान्य कुटुंबास शुल्काचा भार पडत नाही. या अधिनियमातील आणखी एक तरतूद स्थलांतरितांसाठी विशेष मोलाची आहे. तक्रारदार जेथे राहतो किंवा काम करतो, तेथील आयोगाकडेही त्याला तक्रार दाखल करता येते. इंदूरहून पणजीस आलेल्या कुटुंबाला भरपाईसाठी इंदूरला खेपा घालण्याचे कारण उरलेले नाही. प्राथमिक मार्गदर्शनासाठी राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा क्रमांक १९१५ आहे. ऑनलाइन पैसे घेऊन फसवणूक झाली असल्यास १९३० या क्रमांकावर तत्काळ कळवावे. सामान अडवून धमकावले जात असेल, तर जवळच्या पोलीस ठाण्यात जावे.

समारोप

घर बदलण्याच्या दिवशी सर्वांचे लक्ष दोरी, खोकी आणि ट्रककडे असते. कायद्याने दिलेले संरक्षण मात्र त्याच्या आदल्या दिवशी, चार कागदांवर ठरत असते : वस्तूंची सही केलेली यादी, खऱ्या मूल्याचे पाठवणी पत्रक, पूर्ण भाडे दाखविणारी पावती आणि विमा घेतला असल्यास त्याचे प्रमाणपत्र. हे कागद एका पिशवीत घालून ती पिशवी ट्रकमध्ये न देता स्वतःच्या हाती ठेवावी. नागरिकांनी एवढी दक्षता घेतली, तर प्रामाणिक वाहकास काम मिळेल, अप्रामाणिकास वाव राहणार नाही आणि नव्या गावातील पहिला दिवस वादात न जाता चूल मांडण्यात जाईल.